वसावे सर आणि आमचं खापर

वसावे सर आमच्या घराचा जिना चढताना चपला हातात घ्यायचे. जिना बाहेरून होता, लोखंडी होता, आणि वरच्या दोन खोल्या त्यांच्याच भाड्याच्या होत्या. कुणी त्यांना चपला काढायला सांगितलं नव्हतं. पण जिन्याखाली आमचं स्वयंपाकघर, स्वयंपाकघरात देवघर, आणि तिथे माझ्या सासूबाई सकाळ-संध्याकाळ बसलेल्या. देवाच्या डोक्यावरून चपला वाजवत कसं जायचं, असं त्यांना वाटत असावं. सहा वर्षं ते तसेच चढले. सासूबाईंना आम्ही सगळे जिजी म्हणतो. त्या खिडकीतून म्हणायच्या, "मास्तर, चढनात का उडी गयात? पायना आवाजच नही." सर तिसऱ्या पायरीवर थांबायचे, एका हातात चपला, दुसऱ्या हातात वह्यांची पिशवी, आणि लाजल्यासारखे हसायचे.

त्यांना जाऊन आठ महिने झाले. मी रोज थोडं लिहिते आणि पुष्कळ खोडते.

सर डोंगरातल्या मोलगीकडचे. गाव मोलगीपासूनही दीड तास पायी. आमच्या तळोद्यात एका शाळेत ते इंग्रजी शिकवायचे. घरी बोलायचे भिली, शाळेत मराठी, वर्गात इंग्रजी, आणि जिजींशी बोलताना अहिराणी कळायची तेवढी कळून उत्तर मराठीत. प्रत्येक भाषेत ते सारखेच सावकाश बोलत. मी गावातल्या वाचनालयात ग्रंथपाल आहे. पुस्तक घेताना ते आधी शेवटचं पान बघायचे. मला वाटायचं, शेवट वाचतात. तसं नव्हतं. पुस्तकाची शिवण मागच्या बाजूने लवकर सुटते, ती तपासायचे. सुटलेली असली की घरी नेऊन धावड्याचा डिंक लावून, दोन विटांखाली दाबून, पुस्तक परत आणायचे. आमच्या वाचनालयात अशी पन्नासेक पुस्तकं आहेत. ती उघडली की अजून डिंकाचा किंचित वास येतो.

छापलेलं काहीही त्यांना वाचावंसं वाटे. खताच्या गोणीवरच्या सूचना, शिलाई मशीनचं माहितीपत्रक, औषधाच्या खोक्यातली घडीची चिठ्ठी. आमच्या गल्लीत औषधाची चिठ्ठी घेऊन लोक त्यांच्याकडे यायचे. डॉक्टरांना विचारायला संकोच वाटायचा, सरांना विचारायला वाटायचा नाही. जिजींची रक्तदाबाची गोळी बदलली तेव्हा त्यांनीही चिठ्ठी पुढे केली. सरांनी तिसऱ्या पायरीवर बसून ती पूर्ण वाचली, मग काय खायचं, काय टाळायचं ते सांगितलं. जिजींनी विचारलं, "मरानं बी लिखेल शे का त्यावर?"

"लिहिलंय जिजी," सर म्हणाले. "पण अगदी खाली, बारीक अक्षरात. तिथपर्यंत कोणी वाचत नाही."

जिजी दोन दिवस ते ज्याला त्याला सांगत होत्या.

त्यांच्या वर्गातली एक गोष्ट मला वर त्यांच्याबरोबर राहणाऱ्या मुलीने, रोशनीने सांगितली होती. डोंगरातून नवीन आलेला एक मुलगा वर्गात तोंडच उघडत नव्हता. सरांनी त्याला धडा वाचायला लावला नाही. त्याला विचारलं, तुझ्या घरून मोलगीच्या बाजाराला कसं जायचं, ते सांग, मी चालतो. आणि सर खरंच बाकांमधून चालायला लागले. मुलगा म्हणेल तिथे वळायचे, नाला आला म्हटलं की पँट वर ओढायचे, चढ आला की दम लागल्यासारखं करायचे. मुलाला उजवं-डावं, वर-खाली एवढेच इंग्रजी शब्द येत होते. तेवढ्यावर त्याने सरांना बाजारात पोचवलं. सगळा वर्ग उभा राहून बघत होता. शेवटी सर भिंतीला टेकून म्हणाले, पोचलो बुवा, आता परत कसं जायचं तेही सांग.

एखादी गोष्ट कशी करायची हे क्रमाने सांगणारा मजकूर त्यांना कवितेइतका आवडायचा. घ्या, चिरा, ढवळा, झाका. ते म्हणायचे, यात लिहिणारा फुशारकी मारू शकत नाही, कारण वाचणारा लगेच करून बघतो. म्हणून पाककृती ते मुलांना मुद्दाम वाचायला द्यायचे. अशीच एक पाककृती त्यांना फोनवर सापडली. होळीच्या आधीच्या आठवड्यात ते ती घेऊन वाचनालयात आले, माझ्या टेबलापाशी बसले आणि मराठीत सांगू लागले. अमेरिकेच्या नैऋत्येकडच्या कोरड्या मुलुखातला पदार्थ. मोठ्या मऊ पोळीत मांसाचा खिमा, शिजवलेला राजमा, मक्याचे दाणे, मिरची, वरून लिंबू. दोन्ही कडा आत घ्यायच्या, घट्ट गुंडाळायचं आणि तव्यावर शेकायचं.

"ताई, बघा," ते म्हणाले. "मका. राजमा. मिरची. डोंगर, आणि पाऊस कमी. हे आमच्याकडचेच कुणीतरी तिकडे जाऊन राहिलेत."

मी विचारलं, मांस कशाचं म्हणतात. त्यांनी सांगितलं, गोमांस. मग म्हणाले, ते आपल्याकडे मिळत नाही, आणि मिळालं तरी त्यांना चाललं नसतं, त्यांच्या घरी बैल शेतात चालतो आणि सणाला त्याला ओवाळतात. बोकडाचा खिमा घालायचा. लिंबाऐवजी आईने वाळवलेला आमचूर. राजमा घरचा होता, बारका, तांबूस. रोशनी अकरावीची परीक्षा देत होती. ती संपली की गावी जाऊन चुलीवर करायचं, असं बापलेकीचं ठरलं होतं.

इथे आमच्या घराविषयी सांगायला हवं. आम्ही तापीकाठचे गुजर. माझं सासर मूळ नदीकाठच्या एका गावचं. ऊस, केळी, कापूस. घरात कांदा-लसूण चालतो, अंडं नाही. खोल्या देताना जिजींनी एवढी एकच अट घातली होती, आणि वसावे सरांनी ती आमच्यापेक्षा काटेकोर पाळली. गावी जाऊन काही खाऊन आले तर येताना शाळेच्या नळावर डबा घासून, हातपाय धुऊन मगच गल्लीत शिरायचे. एकदा रोशनी मैत्रिणीच्या वाढदिवसाहून अंड्याचा केक घेऊन आली, तर त्यांनी तिला तो कोपऱ्यावर उभं राहून संपवायला लावला. आम्ही हसलो होतो. पण मग जिजी सणाला पुरणाची पोळी केली की पहिलं ताट वर पाठवू लागल्या. आमच्या घरातून तोवर कुणा भाडेकरूला ताट गेलं नव्हतं.

पुरणाच्या पोळ्या आमच्याकडे खापरावर होतात. खापर म्हणजे चुलीवर पालथं घातलेलं मातीचं मोठं भांडं. हातावर फिरवत मोठी केलेली पोळी त्याच्या पाठीवर टाकायची. जिजींचं खापर त्यांच्या सासूबाईंकडून आलेलं. वर्षातून तीन-चार वेळा निघायचं, आणि आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, तर हमखास, कारण त्या दिवशी घरातल्या गेलेल्या माणसांना पहिला घास त्या पोळीचा असतो. एरवी ते फडक्यात गुंडाळून माळ्यावर.

होळीनंतर जिजी आणि आमचे हे दोन दिवसांसाठी लग्नाला प्रकाशा गावाकडे गेले. मी एकटीच होते. सरांची पाककृती माझ्या डोक्यातून गेली नव्हती. मी आयुष्यभर खाण्याविषयी वाचलेलं आहे. कुठल्या देशात काय खातात हे मला पुस्तकांतून माहीत आहे, आणि माझ्या जिभेला फक्त आमचंच घर माहीत आहे. मी वर जाऊन सरांना म्हटलं, गावी कशाला, इथेच करू.

ते नाही म्हणाले. मी पुन्हा म्हटलं. ते म्हणाले, "ताई, हे घर माझं नाही."

मी म्हटलं, माझं आहे ना.

तेव्हा मला ते वाक्य फार आवडलं होतं.

त्यांनी त्यांच्या परीने सगळं सांभाळलं. खिमा त्यांच्या पातेल्यात, त्यांच्या स्टोव्हवर, गच्चीवर. रोशनीने कांदा चिरला. सरांनी नंदुरबारची लाल मिरची हाताने चुरडून तेलात घातली आणि सगळेच खोकलो. राजमा रात्रभर भिजवून सकाळी शिजवलेला होता. त्यातला अर्धा त्यांनी पळीने ठेचला, म्हणजे खिम्याला धरून राहील. शेवटी आमचूर. आता मोठी पोळी हवी होती. त्यांचा तवा भाकरीएवढा. त्यावर केलेली पोळी भरायला गेलं की फाटायची. दोन फाटल्यावर ते म्हणाले, राहू दे, वाटीत घेऊन खाऊ.

मी माळ्यावरून खापर काढलं.

"ते नको," सर म्हणाले. मी म्हटलं, पोळीच तर टाकायची आहे, मैद्याची. त्याला काय होतंय. मी गच्चीवर तीन विटा मांडल्या, खापर ठेवलं आणि पोळ्या केल्या. मऊ, पातळ, ताटापेक्षा मोठ्या. सर एकेक घेऊन भरत होते. खिमा मध्ये, आडवा; दोन्ही बाजू आत; मग आपल्याकडून पुढे, बोटांनी दाबत गुंडाळायचं. त्यांची बोटं जाड होती, पण गुंडाळी सुबक व्हायची. म्हणाले, आमच्याकडे पळसाच्या पानात असंच बांधतात, फक्त पान खात नाहीत.

पाककृतीत पुढे लिहिलं होतं की जोड खाली करून शेकायचं, म्हणजे सुटत नाही. सर म्हणाले, ते माझ्या तव्यावर करतो. त्यांचा तवा तोवर गार झाला होता. खापर तापलेलं होतं. मी त्यांच्या हातातून गुंडाळी घेतली आणि खापरावर ठेवली. एक ठेवली, मग दुसरी. दुसरीच्या टोकातून थोडी तांबडी चरबी सुटली आणि मातीवर पडली. चर्र झालं. सरांनी फक्त ती दुसरी उचलून घेतली.

मी अर्धी खाल्ली. चांगली होती. हेही लिहायला हवं.

नंतर मी खापर राखेने दोनदा घासलं, उन्हात ठेवलं, फडक्यात गुंडाळलं आणि वर टाकलं. मला वाटलं, गेलं. पण ती माती आहे. वरून घासलं तरी आत प्यालेलं तसंच राहतं.

आखाजीच्या सकाळी जिजींनी खापर चुलीवर घातलं. पुरण वाटून तयार होतं. खापर तापलं तसा मधोमध काळपट तेलकट डाग वर आला, आणि वास आला. जिजींनी आधी मला विचारलं, हाई काय शे. मी म्हटलं, मला माहीत नाही.

त्या वेळी मी एवढंच बोलले. तीन शब्द.

घरात दुसरं कोण होतं असं करणारं? यांनी जिना चढून सरांना खाली बोलावलं. सण होता म्हणून त्यांनी स्वच्छ पांढरा सदरा घातला होता; दरवर्षी ताट यायचं, म्हणून तयार होऊन बसले असतील. ते पहिल्यांदा आमच्या स्वयंपाकघराच्या दारात आले. जिजी पाटावर बसून होत्या. त्या ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं.

"मास्तर, घरना मानूस समजनी मी तुमले. माले इचारतात तर मी नही म्हनती, बस. पन चोरीसन काबर?"

सरांनी खापराकडे बघितलं. मग जिजींकडे. माझ्याकडे त्यांनी एकदाही बघितलं नाही. मी दाराच्या आतल्या बाजूला उभी होते, हातात पुरणाची परात. ते बघतील आणि मग मला बोलावं लागेल, म्हणून मी वाट बघत होते. ते बघतील तर मी बोलेन, असं मी स्वतःला सांगत होते. ते म्हणाले, "जिजी, चूक माझी आहे." आणि वर गेले.

जिजींनी खापर अंगणात नेऊन फोडलं. त्या वर्षी पोळ्या लोखंडी तव्यावर झाल्या.

महिनाअखेर सरांनी खोल्या रिकाम्या केल्या. यांनी जा म्हटलं नव्हतं. राहा असंही म्हटलं नव्हतं. सामान हातगाडीवर गेलं. वरची फरशी त्यांनी पुसून दिली होती आणि भिंतीतले खिळे काढून ती भोकं साबणाने बुजवली होती. गल्लीत लगेच पसरलं. मटण खाल्लं यावर कुणाचं फारसं म्हणणं नव्हतं, तळोद्यात निम्मं गाव खातं. लोक म्हणायचे, सहा वर्षं चपला हातात घेऊन चढला आणि बघा, मालकीण गावाला गेल्याबरोबर. ज्या एका बाबतीत त्या माणसाने जिवापाड जपलं होतं, तिथेच त्यांना खोटं ठरवलं गेलं. आणि ते खोटं आहे हे गल्लीत मला एकटीला माहीत होतं.

आमच्या मागच्या आळीत एक दोन खोल्यांचं घर रिकामं होतं. सरांनी तिथे विचारलं. मालकीणबाई जिजींच्या ओळखीच्या; त्यांनी कानावर आलेलं ऐकून नाही म्हटलं. रोशनीची बारावी सुरू होणार होती. तिला नंदुरबारला वसतिगृहात ठेवावं लागलं आणि सर मोलगीहून जीपने जाऊ-येऊ लागले. घाटातून, रोज.

श्रावणात एका रविवारी दुपारी घरीच त्यांच्या छातीत कळ आली. गावातून रस्त्यापर्यंत झोळीत, मग जीप मिळेपर्यंत, मग घाट. तळोद्यात असते तर दवाखाना चालत दहा मिनिटांवर होता. डॉक्टर म्हणतात, काही सांगता येत नाही, इथे असते तरीही कदाचित. मी ते ऐकून घेते. पण कामाला जाताना मी त्या दवाखान्यावरून जाते आणि मागच्या आळीपासून किती मिनिटं लागतात ते मोजते. आठ लागतात.

जिजींना मी अजून सांगितलेलं नाही. सर गेल्याचं कळलं तेव्हा त्या देवघरापुढे बराच वेळ बसल्या आणि म्हणाल्या, मानूस भला व्हता, एकच चूक करी. मी तेव्हाही परात धरल्यासारखी उभी होते.

सरांना मी शेवटचं बघितलं ते आषाढात, तळोद्याच्या जीप थांब्यावर. शाळा सुटली होती. जीप भरायची वाट बघत होती. सर मागच्या बाजूला, आडव्या बाकड्यावर, दोन पोत्यांच्या मध्ये बसले होते. मांडीवर वह्या. मी भाजी घेऊन चालले होते. त्यांनी मला बघितलं आणि खाली उतरायला लागले. मी घाईने म्हटलं, बसा, बसा. ते बसले, तरी थोडे वाकून, बरोबरीने बोलता यावं म्हणून. वाचनालयात नवीन काय आलं, ते विचारलं. जिजींची गोळी बदलली का, ते विचारलं. मग म्हणाले,

"ताई, मागच्या आळीतल्या बाईंना एक शब्द सांगाल का? माझ्यासाठी नाही. रोशनी इथे राहिली असती तर बारावीला बरं झालं असतं. मी तसा नाही, एवढंच सांगा."

सहा वर्षांत त्यांनी आमच्याकडे मागितलेली ती पहिली गोष्ट. तो एक शब्द म्हणजे काय हे त्यांना माहीत होतं आणि मलाही. 'ते तसे नाहीत' म्हटलं की, मग कोण, असा प्रश्न येणारच होता.

मी म्हटलं, "हो. आजच जाते संध्याकाळी."

ते माझ्याकडे बघत होते. आखाजीला बघितलं नव्हतं तसं, सरळ, पण रागाने नाही. गृहपाठ न आणलेलं पोर 'वही घरी राहिली' म्हणतं, तेव्हा मास्तर जसा बघतो आणि पुढे काही विचारत नाही, कारण विचारलं तर ते पोर दुसऱ्यांदा खोटं बोलेल. "बरं," ते म्हणाले.

मी तिथेच उभी होते. सरांनी वह्या नीट केल्या, आणि शेजारच्या पोत्यावर बसलेल्या म्हाताऱ्याला भिलीत काहीतरी विचारलं. म्हातारा बोलू लागला. मला निघता यावं म्हणून सर पूर्ण त्याच्याकडे वळून बसले होते.